उपजिल्हाधिकारी म्हणून रुजू होताय? पुढच्या तीस वर्षांसाठी काही पायऱ्या

निकाल लागला, पेढे वाटून झाले, गावच्या चौकात फ्लेक्स लागला, क्लासवाल्यांनी फेटा बांधून सत्कारही केला. आता प्रत्यक्ष नोकरी. राज्यसेवेतून उपजिल्हाधिकारी म्हणून निवड झालेल्यांसाठी हा लेख आहे. तहसीलदार झालेल्यांनाही यातलं बरंचसं लागू पडेल. परीक्षा कशी काढायची हे सांगणारे गल्लोगल्ली भेटतात. ती काढल्यावर खुर्चीत बसून काय करायचं, हे मात्र बहुतेकांना एखाद्या जुन्या अव्वल कारकुनाकडून शिकावं लागतं, आणि तो चांगला भेटला तर नशीब.

माझं सगळं सांगणं एका गोष्टीभोवती फिरतं. तुम्ही बदलून जाता, पण तुम्ही सही केलेला कागद तिथेच राहतो. दहा वर्षांनी अपील ऐकणारा, लेखापरीक्षण करणारा किंवा माहिती अधिकारात अर्ज टाकणारा तो उघडतो. तेव्हा समजावून सांगायला तुम्ही समोर नसता. त्यामुळे खाली जे जे लिहिलंय, ते या ना त्या मार्गाने कागदाशी येऊन थांबेल.

पायरी १ : रुजू होताना स्वतःचे कागद

नियुक्तीआधी वैद्यकीय तपासणी, चारित्र्य पडताळणी, जात वैधता, नॉन-क्रीमीलेअर हे सगळं होतंच. त्यावर जास्त लिहीत नाही. दोन-तीन गोष्टी मात्र हमखास राहून जातात.

दहावीचं प्रमाणपत्र, आधार, पॅन आणि सेवापुस्तक या चारही ठिकाणी नाव अक्षरशः सारखं हवं. जन्मतारखेत काही घोळ असेल तर दुरुस्तीचा अर्ज सेवेत आल्यापासून ५ वर्षांच्या आत करावा लागतो. त्यानंतर कितीही खरं असलं तरी कुणी ऐकत नाही. सेवापुस्तकाची दुय्यम प्रत स्वतःकडे ठेवा आणि प्रत्येक बदलीनंतर ती मूळ पुस्तकाशी ताडून घ्या. रजेची किंवा वेतननिश्चितीची एखादी नोंद राहिली असेल तर ती त्याच कार्यालयातून पूर्ण करून घेणं सोपं असतं. सात बदल्यांनंतर ती शोधणं म्हणजे दिव्य.

१ नोव्हेंबर २००५ रोजी किंवा त्यानंतर सेवेत आलेल्यांना राष्ट्रीय निवृत्तिवेतन योजना लागू आहे. प्रान क्रमांक, म्हणजे या योजनेतला तुमचा कायमचा खाते क्रमांक, लगेच काढा आणि नामनिर्देशन भरा. लग्न झाल्यावर ते बदला. बदलायचं विसरलेल्यांची कुटुंबं पुढे किती खेटे घालतात, हे कोणत्याही आस्थापना शाखेत विचारा.

आणि मत्ता व दायित्वाचं विवरणपत्र. महाराष्ट्र नागरी सेवा (वर्तणूक) नियम, १९७९ नुसार ते द्यावंच लागतं. पहिल्याच विवरणात वडिलोपार्जित शेती, आईच्या नावचं घर, लग्नातलं सोनं, शैक्षणिक कर्ज असं सगळं लिहा. तेव्हा जे लिहिलं नाही, ते पुढे ‘नंतर कमावलेलं’ ठरतं. फ्लॅट किंवा जमीन घेताना आधी कळवण्याची सवय पहिल्या खरेदीपासूनच लावून घ्या.

पगाराबद्दल विचारणारे फार असतात, म्हणून सांगतो : सातव्या वेतन आयोगात उपजिल्हाधिकाऱ्याची वेतनश्रेणी एस-२०, म्हणजे मूळ वेतन ५६,१०० रुपयांपासून. घर चालतं. गावाकडचे नातेवाईक समजतात तितकं मात्र नसतं, हे घरात लवकर सांगून टाकलेलं बरं.

पायरी २ : प्रशिक्षण वाया घालवू नका

पुण्याची यशदा, नागपूरची वनामती या प्रशिक्षण संस्थांतलं वर्गातलं शिक्षण ठीकच असतं. मैत्री होते, आणि ती पुढे उपयोगी पडते, कारण पोलीस उपअधीक्षक, मुख्याधिकारी, गटविकास अधिकारी झालेले तुमचे बॅचमेट उद्या तुमच्याच जिल्ह्यात असणार. पण खरं सोनं संलग्नतेच्या, म्हणजे प्रत्यक्ष कार्यालयांत बसून शिकण्याच्या काळात आहे. तलाठ्याकडे, मंडळ अधिकाऱ्याकडे, तहसीलमध्ये तुम्हाला पाठवतात तेव्हा बरेच परिविक्षाधीन अधिकारी सही करून निघून जातात. तसं करू नका. तलाठ्याचं पद आता ग्राम महसूल अधिकारी झालंय. लोकांच्या तोंडी मात्र ‘तलाठीभाऊ’च आहे, आणि राहील.

त्याच्याशेजारी बसा. गाव नमुना १ ते २१, म्हणजे गावच्या महसुली नोंदवह्या, एकदा हाताळा. सहा नंबरला फेरफाराची, म्हणजे जमिनीच्या हक्कातल्या बदलाची नोंद कशी पडते, तिच्यावर हरकत आली की सहा-अ ला वादग्रस्त प्रकरण कसं चढतं, नोटीस कुणाला जाते, १५ दिवसांची मुदत कधी सुरू होते, मंडळ अधिकारी नोंद प्रमाणित करताना काय बघतो आणि काय बघत नाही, हे एका गावात बसून शिकलात तर पुढची तीस वर्षं कुणी तुम्हाला सातबाऱ्यावरून फसवू शकत नाही. एखादी मोजणी पूर्ण बघा. पीक पाहणीला शिवारात जा. हे सगळं शिकताना तुम्हाला ‘साहेब’ म्हणून घ्यायची घाई नको. अज्ञान दाखवायची मुभा नोकरीत फक्त याच काळात मिळते.

विभागीय परीक्षा मुदतीत आणि संधीत पास व्हा. ज्येष्ठता आणि वेतनवाढ तिच्यात अडकते. गुण कुणी विचारत नाही.

पायरी ३ : पहिला स्वतंत्र पदभार

बहुतेकांचं पहिलं मोठं पद म्हणजे उपविभागीय अधिकारी, लोकांच्या भाषेत प्रांत. दोन-तीन तालुके, त्यांचे तहसीलदार, महसुली अपिलं, दंडाधिकारी म्हणून अधिकार, आणि विधानसभेला बहुधा निवडणूक निर्णय अधिकारी.

पदभार घेताना मागच्या अधिकाऱ्याशी चहा पिऊन सही करण्याची पद्धत आहे. चहा प्या, पण सही करण्याआधी चार याद्या मागा : सुनावणीची प्रलंबित प्रकरणं आणि त्यातली ‘निकालासाठी बंद’ केलेली, उच्च न्यायालयातल्या रिट आणि अवमान याचिका, विधिमंडळाचे अनुत्तरित प्रश्न, आणि लेखाआक्षेप. ‘निकालासाठी बंद’ म्हणजे सुनावणी संपली पण निकाल लिहिलाच नाही. तो युक्तिवाद तुम्ही ऐकलेला नाही, त्यामुळे दुसऱ्याच्या ऐकण्यावर तुम्ही निकाल देऊ शकत नाही. ती प्रकरणं पुन्हा बोर्डावर घेऊन थोडक्यात फेरसुनावणी करावी लागते. हे पहिल्याच आठवड्यात केलं तर ठीक. सहा महिन्यांनी केलं तर पक्षकार तुमच्या नावाने ओरडतात.

रोकडवही तुमच्या नावावर येते. आहरण व संवितरण अधिकारी, म्हणजे कार्यालयाचे पैसे काढणारे आणि वाटणारे, असाल तर ती रोज बघा. संक्षिप्त देयकावर, म्हणजे कार्यालयात ज्याला एसी बिल म्हणतात त्यावर, काढलेल्या रकमेचं तपशीलवार देयक महिन्याभरात गेलं पाहिजे. निवडणूक आणि आपत्ती या दोन निमित्तांनी पैसा घाईत निघतो आणि हिशोब मागे पडतो. पाच वर्षांनी महालेखापालांचं पथक येतं, आणि सही कुणाची म्हणून विचारतं.

मग कार्यालय. महाराष्ट्रात यासाठी फार जुनी आणि चांगली व्यवस्था आहे, फक्त ती वापरणारे कमी. प्रत्येक टेबलाला सहा गठ्ठे : प्रलंबित प्रकरणं, प्रतीक्षाधीन, नियतकालिकं, स्थायी आदेश संचिका, अभिलेख कक्षात पाठवायची निकाली प्रकरणं आणि नष्ट करायचे ‘ड’ वर्गाचे कागद. एखाद्या शनिवारी दार लावून घ्या आणि एका लिपिकाच्या कपाटाचे हे सहा गठ्ठे स्वतःसमोर पाडा. ‘प्रतीक्षाधीन’ गठ्ठ्यात काय निघतं बघा. तीन वर्षांपूर्वी भूमी अभिलेखला मागितलेला अहवाल, त्यावर दोन स्मरणपत्रं, आणि नंतर शांतता. वाट बघतोय म्हणून ठेवलेला तो कागद खरं तर मेलेला असतो, आणि त्याच्या मागे कुणीतरी शेतकरी चकरा मारत असतो. त्या गठ्ठ्यावर दर पंधरवड्याला तुमची नजर गेली पाहिजे.

यात नवीन काही नाही. १९८०च्या दशकात अनिलकुमार लखिना यांनी अहमदनगरच्या जिल्हाधिकारी कार्यालयात कामाची आणि अभिलेखाची मांडणी बदलून दाखवली. ‘लखिना पॅटर्न’ हा शब्द अजून महसूलमध्ये ऐकू येतो. पुढे राज्यसेवेतूनच वर आलेल्या चंद्रकांत दळवी यांनी ‘झिरो पेंडन्सी’ राबवली. दोघांनीही नवा कायदा आणला नाही. कपाटं उघडली, कागद लावले, आणि रोजचं रोज निकाली काढायला लावलं. मी दोन्ही प्रकार चालताना आणि पुढच्या माणसाने बंद पाडताना पाहिलेत. बंद पडायला साधारण एक बदली पुरते.

शिवाय कायदाही तुमच्या बाजूने आहे. बदल्यांचं विनियमन आणि विलंबास प्रतिबंध करणारा २००५चा अधिनियम लोक बदलीसाठीच वाचतात. त्याच्याच कलम १० मध्ये एकाही कर्मचाऱ्याकडे नस्ती (फाईल) ७ कामकाजाच्या दिवसांपेक्षा जास्त थांबू नये असं लिहिलंय. हे कलम ठळक अक्षरांत छापून भिंतीवर लावा.

पायरी ४ : सुनावणी आणि निकालपत्र

इथे थोडं थांबतो, कारण चांगला आणि सुमार अधिकारी इथेच वेगळे दिसतात.

महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, १९६६ च्या कलम २४७ खाली तुमच्याकडे अपिलं येतात. तहसीलदार किंवा मंडळ अधिकाऱ्याच्या आदेशावर अपिलाची मुदत ६० दिवस. प्रत्यक्षात येणारं अपील बऱ्याचदा १५ वर्षं जुन्या फेरफारावर असतं. नेहमीचं उदाहरण घ्या. वडील वारले. दोन भावांनी वारस नोंदीत स्वतःची नावं लावली आणि बहिणींची नावं आलीच नाहीत, किंवा आली आणि पुढे कुठल्याशा हक्कसोडपत्राने गेली. रस्त्यासाठी जमीन संपादनात आली, मोबदल्याची बातमी फुटली, आणि बहीण अपिलात आली.

पहिलं काम : विलंब माफीच्या अर्जावर आधी आणि स्वतंत्रपणे निर्णय द्या. दोन्ही बाजू ऐका, कारणं लिहा, विलंब माफ का केला किंवा का नाही ते सांगा. मग गुणवत्तेवर जा. थेट निकालावर उडी मारल्यामुळे कितीतरी चांगले निकाल वर जाऊन उलटतात आणि प्रकरण फेरचौकशीला परत येतं. बहिणीची आणखी पाच वर्षं जातात.

दुसरं : तुम्ही मालकी ठरवत नाही. फेरफार ही महसुली नोंद आहे. मालकीचा वाद असेल तर दिवाणी न्यायालय. वकील तुम्हाला मृत्युपत्राच्या खरे-खोटेपणात ओढतील. ते तुमचं काम नाही, असं आदेशात स्पष्ट लिहा. पण म्हणून ‘दिवाणी न्यायालयात दाद मागावी’ एवढं लिहून हातही झटकू नका. नोटीस बजावली गेली होती का, सगळे वारस दाखवले होते का, हक्कसोडपत्र नोंदणीकृत होतं का, हे पूर्णपणे तुमच्या कक्षेतलं आहे.

तिसरं : निकालपत्राची भाषा. “अपीलदाराचे म्हणणे योग्य वाटते. सबब अपील मान्य.” असे निकाल मी ढिगाने वाचलेत. का योग्य वाटते? कोणत्या कागदावरून? निकालात घटनाक्रम हवा, वादाचे मुद्दे हवेत, प्रत्येक मुद्द्यावर कुणी काय पुरावा दिला ते पान क्रमांकासह हवं, कायद्याचं कलम हवं. आणि शेवटचा आदेश असा हवा की तो वाचून तलाठ्याला कुणालाही न विचारता अंमल देता यावा. “नियमानुसार कार्यवाही करावी” हे वाक्य आदेशात दिसलं की समजावं, लिहिणाऱ्याला नियम सापडला नव्हता.

रोजनामा, म्हणजे सुनावणीत त्या दिवशी काय झालं याची नोंद, दररोज लिहा आणि हजर असलेल्यांच्या सह्या त्याच दिवशी घ्या. आठवड्याने एकत्र लिहिलेला रोजनामा शाईवरून ओळखू येतो.

उन्हाळ्यात शेतरस्त्यांची प्रकरणं उसळतात, कारण पेरणीआधी ट्रॅक्टर शेतात जायला हवा. इथे दोन कायद्यांची गल्लत होते. वहिवाटीचा रस्ता होता आणि कुणी अडवला, तर मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ चं कलम ५. अडवल्यापासून ६ महिन्यांत तहसीलदाराकडे दावा आला पाहिजे. रस्ताच नव्हता आणि बांधावरून नवा हवा आहे, तर जमीन महसूल अधिनियमाचं कलम १४३. अर्ज एका कलमाचा, चौकशी दुसऱ्याची आणि आदेश तिसऱ्याच भाषेत, अशी खिचडी तुमच्याकडे पुनरीक्षणात येते. तहसीलदारांची पहिली बैठक घ्याल तेव्हा याच विषयावर अर्धा तास द्या.

स्थळपाहणीला स्वतः जा. दोन्ही बाजूंना आधी लेखी कळवा. गावनकाशा बरोबर घ्या आणि बांधावर उभं राहूनच पंचनामा लिहा. एका बाजूच्या गाडीत बसून जाऊ नका. त्यांच्या घरी पाणीसुद्धा पिऊ नका, थर्मास बरोबर ठेवा. उद्धटपणा वाटतो, वाटू द्या. गावात ‘साहेब कुणाच्या ओट्यावर टेकले’ ही बातमी तुमच्या निकालाच्या आधी पोचते.

पायरी ५ : दंडाधिकारी म्हणून

१ जुलै २०२४ पासून फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी भारतीय नागरिक सुरक्षा संहिता आली. जमावबंदीचं जुनं कलम १४४ आता १६३, शांतता राखण्याची हमी घेण्याचं जुनं १०७ आता १२६. बोलताना सगळे अजून “१०७ लावा” म्हणतात आणि लिहितात १२६. तुमच्या कार्यालयातले छापील नमुने मात्र तपासा. जुन्या कलमाच्या नोटिशीवर सही गेली की वकिलाला फुकटचा मुद्दा मिळतो.

जमावबंदीचा आदेश काढताना पोलिसांचा अहवाल जसाच्या तसा उतरवू नका. कोणती परिस्थिती, कोणता भाग, किती काळ, आणि याहून सौम्य उपाय का पुरत नाही, हे तुमच्या शब्दांत आलं पाहिजे.

वाळूबद्दल एवढंच. जमीन महसूल अधिनियमाच्या कलम ४८ च्या पोटकलम ७ आणि ८ खाली दंड आणि वाहन जप्तीचे अधिकार आहेत. रात्री एकट्याने, पोलिसांशिवाय, खासगी गाडीने जाऊ नका. शूर दिसण्याचा मोह तरुण अधिकाऱ्यांना फार होतो. महसूलच्या माणसांच्या अंगावर डंपर घातल्याच्या घटना राज्यात घडलेल्या आहेत. गेलात तर पंचनाम्यात किती ब्रास, कुठून, कोणतं वाहन, साक्षीदार कोण, हे जागेवरच लिहा. कार्यालयात येऊन आठवणीने लिहिलेला पंचनामा टिकत नाही.

पायरी ६ : दाखले आणि पंचनामे

जातीचा दाखला तुमच्या सहीने जातो. मानीव दिनांक पाठच हवेत : अनुसूचित जाती १० ऑगस्ट १९५०, अनुसूचित जमाती ६ सप्टेंबर १९५०, विमुक्त जाती व भटक्या जमाती २१ नोव्हेंबर १९६१, इतर मागासवर्ग १३ ऑक्टोबर १९६७. त्या तारखेला अर्जदाराचं कुटुंब कुठे राहत होतं, हा प्रश्न आहे. जून-जुलैत प्रवेशाच्या तोंडावर हजारो अर्ज येतात. मार्चपासूनच शाळांमधून शिबिरं लावली तर गर्दी निम्म्याने ओसरते, आणि घाईत सही करण्याची वेळ येत नाही. पुढे जात वैधता पडताळणीत दाखला रद्द झाला तर मुलाचं वर्ष जातं.

२४ तासांत ६५ मिलिमीटरपेक्षा जास्त पाऊस म्हणजे अतिवृष्टी. पिकाचं नुकसान ३३ टक्के किंवा त्याहून जास्त असेल तर मदत. हे दोन आकडे तुमच्या भागातल्या प्रत्येक सरपंचाला पाठ असतात, त्यामुळे तुम्हालाही असू द्या. पंचनामे चावडीवर बसून होतात हे उघड गुपित आहे. त्यावर उपाय एकच : दहा गट क्रमांक स्वतः निवडा, तलाठ्याला न सांगता शिवारात जा आणि ताडून बघा. एका गावात असं केलंत की उरलेल्या शंभर गावांत पंचनामे बांधावर होऊ लागतात. मदतीची यादी ग्रामपंचायतीच्या फलकावर लावा. तक्रारी येतील, पण वाटपाआधी येतील.

पायरी ७ : माणसं

आमदारांचं पत्र आलं की पोच द्या, मुदतीत उत्तर द्या, आणि उत्तरात होय किंवा नाही स्पष्ट लिहा. लोकप्रतिनिधी ‘नाही’ ऐकून जेवढे चिडतात, त्याहून जास्त टोलवाटोलवीने चिडतात. फोनवर आलेली सूचना नियमात बसत असेल तर करा. बसत नसेल तर “लेखी पाठवा, तपासून कळवतो” म्हणा आणि खरंच तपासून कळवा. बहुतेक सूचना लेखी येतच नाहीत. वरिष्ठांचा तोंडी आदेश असेल तर त्याच दिवशी टिप्पणीत लिहा : अमुक दिनांकास दूरध्वनीवरून झालेल्या चर्चेनुसार, आणि ती अवलोकनार्थ सादर करा. यात भांडण नाही. रीत आहे.

हाताखालच्या माणसांवर चारचौघांत ओरडू नका. तलाठी, मंडळ अधिकारी, महसूल सेवक (पूर्वीचे कोतवाल) हे त्याच भागात तीस वर्षं असतात, तुम्ही तीन. ते तुमच्याबद्दल जे बोलतील तेच गाव मानेल. चूक असेल तर नोटीस द्या, खुलासा घ्या, निर्णय करा आणि विषय मिटवा.

माहिती अधिकारातल्या अर्जदारांचा राग राग करणारे अधिकारी मला कधी समजले नाहीत. ३० दिवसांत माहिती द्यायची, विषय संपला. पहिल्या अपिलात अपिलीय अधिकारी म्हणून बसाल तेव्हा आपल्याच कार्यालयाची बाजू घेऊ नका.

रील करण्याचा नवा छंद आला आहे. कायद्याने बंदी नसेल तिथेही माझा त्याला विरोध आहे. कारवाईचा व्हिडिओ टाकून तुम्ही ज्या माणसाला आरोपी केलंत, त्याचंच प्रकरण उद्या तुमच्यापुढे सुनावणीला येणार असतं.

पायरी ८ : प्रांताखेरीज बाकी पदं

निवासी उपजिल्हाधिकारी, भूसंपादन, पुनर्वसन, रोजगार हमी, पुरवठा, उपजिल्हा निवडणूक अधिकारी, आयुक्तालयात उपायुक्त, महापालिका, म्हाडा, सिडको, एमआयडीसी अशी वर्तुळं फिरावी लागतात. ‘साइड पोस्टिंग’ म्हणून तोंड पाडू नका. महाराष्ट्राने रोजगार हमीचा कायदा १९७७ मध्येच केला, केंद्राचा आला २००५ मध्ये. ज्या राज्यात ही कल्पना जन्मली, तिथे ते पद दुय्यम मानणं मला पटत नाही.

भूसंपादन मात्र जपून. २०१३च्या भूसंपादन कायद्यात कलम १९ च्या घोषणेपासून १२ महिन्यांत निवाडा, म्हणजे मोबदल्याचा आदेश, झाला नाही तर सगळी प्रक्रिया व्यपगत, म्हणजे रद्दबातल, होऊ शकते, त्यामुळे तारखांचा तक्ता टेबलावर हवा. अधिसूचनेच्या आगेमागे झालेले खरेदीखत, अचानक उगवलेली फळझाडं, कागदावरची विहीर आणि गोठा हे संयुक्त मोजणीच्या छायाचित्रांशी ताडून बघा. हिस्स्याचा वाद असेल तर रक्कम वाटू नका, सक्षम प्राधिकरणाकडे जमा करा. एकदा खात्यात गेलेला मोबदला परत आणणं जवळपास अशक्य असतं, आणि चौकशी मात्र तुमच्या मागे निवृत्तीपर्यंत येते.

निवडणुकीत छाननीचा दिवस सगळ्यात कठीण. नामनिर्देशनपत्र फेटाळताना कारण त्याच वेळी लेखी द्यायचं असतं. किरकोळ त्रुटीवर अर्ज फेटाळू नका, असं कायदाच सांगतो. निवडणूक आयोगाची निर्देशपुस्तिका आदल्या रात्री नको, महिनाभर आधी वाचा.

पायरी ९ : बदली, गोपनीय अहवाल, पदोन्नती

एका पदावर साधारण ३ वर्षं आणि बदल्या एप्रिल-मे मध्ये, असा कायदा आहे. मध्येच उचललं तर कारणं लेखी असावी लागतात आणि महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे मॅटमध्ये, दाद मागता येते. प्रत्येक वेळी जावंच असं नाही. मुलांची शाळा, आईवडिलांचं आजारपण असं खरं कारण असेल तर जा. नुसत्या मानापमानासाठी गेलात तर जिंकूनही पुढची दोन वर्षं तुम्हाला काम मिळत नाही.

गोपनीय अहवालाचं स्वयंमूल्यमापन दर मार्चअखेरीस वेळेत भरा, आणि आकड्यांत भरा : किती अपिलं होती, किती निकाली, किती दाखले, किती वसुली. ‘सर्व कामे समाधानकारक केली’ असं लिहिणाऱ्याला वरिष्ठही ‘समाधानकारक’च देतात. शेरा कोणताही असो, तो तुम्हाला कळवला गेला पाहिजे, हे सर्वोच्च न्यायालयाने २००८ मध्ये देवदत्त प्रकरणात सांगितलं. प्रतिकूल वाटला तर मुदतीत अभिवेदन करा. तात्पुरती ज्येष्ठता यादी निघाली की त्याच आठवड्यात आपलं नाव, रुजू दिनांक आणि क्रमांक तपासा. थेट भरती आणि पदोन्नत यांच्यातला ज्येष्ठतेचा वाद जुना आहे, आणि अंतिम यादीनंतर जागे झालेल्यांना त्यात सहानुभूती मिळत नाही.

पुढचा टप्पा निवड श्रेणी, अपर जिल्हाधिकारी आणि नंतर भारतीय प्रशासन सेवा (भाप्रसे). पदोन्नतीने नियुक्तीच्या १९५५च्या विनियमांनुसार भाप्रसेतल्या वरिष्ठ पदांच्या साधारण एक तृतीयांश जागा पदोन्नतीच्या वाट्याला येतात आणि उपजिल्हाधिकारी पदावर सलग ८ वर्षं झालेली असावी लागतात. ८ हा आकडा बघून हुरळू नका, बहुतेकांचा नंबर त्याच्या कितीतरी नंतर लागतो. निवड समिती केंद्रीय लोकसेवा आयोगाच्या अध्यक्ष किंवा सदस्यांच्या अध्यक्षतेखाली दिल्लीच्या पातळीवर बसते, आणि तिच्यापुढे तुमचे गोपनीय अहवाल आणि सचोटीचं प्रमाणपत्र असतं. विभागीय चौकशी प्रलंबित असेल तर नाव तात्पुरतं घेतलं जातं, आणि वर्ष उलटलं की संधीही उलटू शकते. म्हणून चौकशी लागली तर ती लांबवू नका, उलट लवकर संपवा असं तुम्हीच लेखी मागत राहा.

भाप्रसेत गेलात तर निवृत्तीचं वय ५८ ऐवजी ६०. काहींना त्या दोन वर्षांतच जिल्हा मिळतो. ज्यांना मिळत नाही त्यांनी अपर जिल्हाधिकारी म्हणून केलेलं काम कमी ठरत नाही, पण हे सांगून कुणाची समजूत पटते असं मी पाहिलेलं नाही.

पायरी १० : निवृत्तीची तयारी

दोन वर्षं आधीपासून सुरुवात करा. सेवा पडताळणी, ना-देय प्रमाणपत्रं, शासकीय निवासस्थानाची थकबाकी आणि तुमच्या नावावर राहिलेल्या अग्रिमांचा हिशोब या चार गोष्टींवर प्रकरण अडतं. ज्या जिल्ह्यांत तुम्ही आहरण अधिकारी होतात तिथले लेखाआक्षेप मिटलेत का, हे स्वतः जाऊन बघा. पत्र पाठवून ते होत नाही.

निवृत्तीनंतरही महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ च्या नियम २७ खाली चौकशी होऊ शकते, मात्र ती सुरू होण्याआधीच्या ४ वर्षांतल्या घटनेपुरतीच. त्यामुळे शेवटच्या चार-पाच वर्षांतली पदभार हस्तांतरणाची प्रपत्रं, महत्त्वाच्या आदेशांच्या प्रती आणि लेखाआक्षेपांना दिलेली उत्तरं यांची एक फाईल घरी ठेवा. कार्यालयातली मूळ नस्ती मात्र कधीही घरी आणू नका. दोषारोपपत्र आलं तर आधी घटनेची तारीख बघा, मग मुदतीत आधारभूत कागदपत्रांच्या प्रती लेखी मागा, आणि त्या हातात आल्यावरच बचावाचं निवेदन लिहायला बसा.